नावं तिघांची, पैसे दोघांना

मी दोन वर्षं जपानमध्ये कावासाकीला प्रोजेक्टवर होतो तेव्हा महिन्यातनं एकदा तरी टीमचं जेवण व्हायचं आणि जेवण झालं की कुणीतरी म्हणायचंच, चला कराओके. आपल्याकडे कराओके म्हणजे सोसायटीच्या गणपतीत काकांनी माइक धरून किशोरकुमार गायचा आणि बाकीच्यांनी वेफर्स खात बसायचं. तिकडे तसं नाही, छोट्या छोट्या खोल्या असतात, तासावर भाडं, आत टॅबलेटसारखं एक यंत्र, गाणं शोधायचं आणि दाबायचं. आमचे टीम लीडर पन्नाशीच्या पुढचे, दिवसभर ऑफिसात त्यांच्या तोंडातनं चार शब्द निघाले तर खूप, ते एक ठरलेलं गाणं लावायचे. त्या गाण्याची गंमत अशी की सुरुवातीला वाद्यं जवळजवळ नसतातच, नुसता आवाज सुरू होतो, आणि त्या पहिल्या ओळीला खोलीतले झाडून सगळे, अगदी पंचविशीतली ट्रेनी पोरगीसुद्धा, एकदम गळा काढायचे. 'झांकोकू ना तेन्शी नो तेझे'. मराठीत साधारण 'निर्दयी देवदूताचा सिद्धांत' असं काहीतरी होईल. १९९५ च्या ऑक्टोबरात टीव्ही टोकियोवर सुरू झालेल्या 'निऑन जेनेसिस इव्हँजेलियन' या अ‍ॅनिमेचं (म्हणजे जपानी कार्टून मालिकेचं) हे टायटल साँग. म्हणजे त्या ट्रेनी पोरीच्या जन्माच्याही आधीचं.

गाणं सुरू व्हायच्या आधी स्क्रीनवर पाटी येते. गाण्याचं नाव, गायिका ताकाहाशी योको, गीत ओइकावा नेको, संगीत सातो हिदेतोशी. तीन माणसांची नावं. आता आपण जे खोलीचं भाडं भरतो त्यातला एक कण जास्राककडे जातो, जास्राक म्हणजे तिकडची गाण्यांचे हक्क सांभाळून पैसे गोळा करणारी संस्था, आपल्या आयपीआरएससारखी. तिथून तो जातो गीतकाराला, संगीतकाराला आणि प्रकाशकाला. प्रकाशक म्हणजे कागदोपत्री गाण्याचा धंदा बघणारी कंपनी, तिचं नाव बहुतेक कुणी वाचलेलंही नसतं. आणि जिच्या आवाजाची नक्कल करायला खोलीतले आठ जण जीव काढतायत तिला काही नाही. कमी नाही, शून्य.

मला हे कळलं तेव्हा मी आधी विश्वासच ठेवला नाही, वाटलं भाषेत आपलीच काहीतरी गडबड झाली. मग विचारत गेलो, वाचत गेलो. तसंच आहे. आणि माझं म्हणणं असंय की हे चूक आहे, आणि 'कायद्यात तशी तरतूद नाही' हे त्याचं उत्तर होऊ शकत नाही, निदान अ‍ॅनिमेच्या गाण्यांच्या बाबतीत तरी नाही, कारण तिथे गाणं टिकतं ते आवाजावर.

आता ताकाहाशीबाईंबद्दल थोडं, (हो, मी बाईच म्हणणार, आपल्याकडे गाणाऱ्या बाईला बाई म्हणण्यात जो मान आहे तो दुसऱ्या शब्दात नाही.) जन्म १९६६ चा. लहानपणापासून कोरसमध्ये गाणं, मग मोठ्या गायकांच्या मागे उभं राहून साथ, म्हणजे स्टेजवर असायचं पण उजेडात नसायचं असे दिवस. १९९१ ला 'पी. एस. आय मिस यू' या गाण्याने स्वतःच्या नावावर पदार्पण झालं, नवोदितांच्या पुरस्कारांत नाव आलं. साधी सरळ पॉप गायिका म्हणून हे करिअर चाललं होतं, अ‍ॅनिमेबिनिमे काही डोक्यात नव्हतं. मग चार वर्षांनी हे काम आलं.

ते काम कसं आलं हे ऐकण्यासारखं आहे. दिग्दर्शक आन्नो हिदेआकी यांच्या मनात सुरुवातीला शास्त्रीय संगीत होतं, रशियन संगीतकार बोरोदिनचे 'पोलोव्हत्सियन डान्सेस'. ते टीव्हीला जड होईल म्हणून बारगळलं आणि पॉप गाणं करायचं ठरलं. गीतकार ओइकावाबाईंनी स्वतः मुलाखतींत सांगितलंय की त्यांनी अर्धेकच्चे एपिसोड पळवत पळवत बघितले आणि दोनेक तासांत गाणं लिहून टाकलं. म्हणजे ज्या गाण्यावर लोकांनी पुढे प्रबंध लिहावेत इतका अर्थ काढला, ते गाणं मालिका धड न बघता लिहिलेलं. ताकाहाशीबाई पण स्टुडिओत आल्या, गायल्या, गेल्या. पुढे काय होणार याची तिघांनाही कल्पना नव्हती.

इथेच माझा पहिला मुद्दा आहे. गायकाला वाटा का नाही याचं सगळ्यात जुनं आणि ठरलेलं उत्तर म्हणजे 'अहो तो पैसे घेऊन आला, गायला, काम संपलं'. बरोबर आहे. पण ओइकावाबाईसुद्धा कुणाच्या तरी सांगण्यावरूनच आल्या होत्या ना? सातोसुद्धा? त्यांना काय झोपेत साक्षात्कार झाला नव्हता, कंपनीचं काम होतं, मुदत होती, केलं. दोन तास लिहिणाऱ्याला आयुष्यभर आणि जपानच्या कायद्याने त्यानंतर अजून ७० वर्षं त्याच्या वारसांना पैसे, आणि तेच गाणं तीस वर्षं गावोगाव, देशोदेशी उभं राहून गाणाऱ्याला 'तुझं काम त्या दिवशीच संपलं'? मी ओइकावाबाईंवर जळत नाहीये, त्यांना मिळतंय ते त्यांच्या हक्काचंच आहे, चांगले शब्द दोन तासांत लिहिले म्हणून स्वस्त होत नाहीत. पण मग 'भाड्याने आलेला माणूस' हा नियम एकालाच का लावायचा.

२०११ साली जास्राकने आपला सुवर्ण पुरस्कार या गाण्याला दिला. तो पुरस्कार कलेचा नसतो हं, तो हिशोबाचा असतो, आदल्या वर्षी कुठल्या गाण्यासाठी सगळ्यात जास्त पैसे वाटले गेले त्याचा. गाणं तेव्हा १५ वर्षांचं जुनं. मधल्या काळात इव्हँजेलियनची पाचिन्को, म्हणजे जपानी जुगाराची, मशिन्स आली, नवे सिनेमे आले, कराओकेत तर ते होतंच. तर सगळ्यात जास्त कमावणारं गाणं, आणि पुरस्कार कुणाकुणाला? गीतकार, संगीतकार, प्रकाशक. पुरस्काराची रचनाच तशी आहे, गायक त्यात बसतच नाही. लग्न ज्याचं त्यालाच पंगतीत पान नाही अशातला प्रकार.

बरं, त्या मधल्या वर्षांत ताकाहाशीबाई काय करत होत्या? एक काळ असा होता की त्यांनी गाणं बाजूला ठेवलं आणि म्हाताऱ्या माणसांची काळजी घेण्याचं काम केलं, रीतसर शिकून. पैशासाठीच केलं असं मी म्हणत नाही, माणसाची स्वतःची कारणं असतात आणि ते काम काही कमीपणाचं नाही, उलट. पण जरा चित्र डोळ्यांपुढे आणा. एका वृद्धाश्रमात कुणीतरी बाई आजोबांना जेवण भरवतेय आणि त्याच वेळी गावातल्या प्रत्येक कराओके खोलीत तिच्या गाण्याचं मीटर चालू आहे, फक्त ते तिच्या खात्यात फिरत नाही.

हे काही एकट्या त्यांचं नाही, ही जुनी परंपरा आहे. अ‍ॅनिमे आणि लहान मुलांच्या गाण्यांत पूर्वी एकरकमी मानधन हाच रिवाज होता. त्याचं सगळ्यात भयंकर उदाहरण म्हणजे शिमोन मासातो. हा माणूस म्हणजे सत्तरच्या दशकातल्या जपानी पोरांच्या कानातला आवाज, 'गाच्चामान'चं गाणं त्याचं, 'कामेन रायडर'चं त्याचं. १९७५ च्या डिसेंबरात त्याच्या आवाजात 'ओयोगे! ताइयाकी-कुन' हे गाणं रेकॉर्डवर आलं, टीव्हीवरच्या मुलांच्या कार्यक्रमातलं, माशाच्या आकाराचा गोड केक दुकानातनं पळून समुद्रात पोहायला जातो अशी गोष्ट. रोज तव्यावर भाजलं जाण्याला कंटाळलेला केक. ऑफिसला जाणारे बाप पण ते ऐकून रडले म्हणतात आणि मला ते पटतं. त्या रेकॉर्डच्या ४५ लाखांहून जास्त प्रती गेल्या, जपानमध्ये आजपर्यंत सगळ्यात जास्त खपलेली सिंगल ती. शिमोनचं मानधन ५०,००० येन. एकदाच. नंतर कंपनीला लाज वाटली की काय, त्यांनी १० लाख येन आणि एक पांढरी गिटार दिली. मला त्या गिटारीचा फार राग येतो. पैसे देता येत नसतील तर देऊ नका पण गिटार काय देता, दिवाळीला वॉचमनला मिठाईचा डबा द्यावा तसं.

आता समोरून येणारा सगळ्यात मजबूत मुद्दा घेऊ, कारण तो खरंच मजबूत आहे. कराओकेत गायिकेचा आवाज वाजतच नाही. मागे जे वाजतं ते नव्याने तयार केलेलं असतं, गाणारा कुणी तिसराच, मग गायिकेचं वापरलं काय? शब्द वापरले, चाल वापरली, त्यांचे पैसे दिले. गायिकेचा हक्क हा तिच्या रेकॉर्डिंगवर, रेकॉर्डिंग वाजलंच नाही तर हक्क कसला. कायद्याच्या भाषेत याला उत्तर नाही आणि मी वकील नसल्याने देणारही नाही.

पण त्या खोलीत बसून बघा. माणसं काय गात असतात? नोटेशन गातात? आमचे टीम लीडर पहिल्या ओळीत एका विशिष्ट जागी श्वास घ्यायचे, पुढे एका शब्दावर आवाज किंचित खालून उचलायचे. हे कागदावर कुठे लिहिलेलं नसतं, हे ताकाहाशीबाईंचं आहे. जपानी कराओकेची यंत्रं तर मार्क देतात आणि मार्क देताना नुसता सूर बघत नाहीत, आवाज किती हलवला, स्वर खालून कितीदा उचलला (त्याला 'शाकुरी' म्हणतात), आपल्या मुरकीसारखी हरकत कितीदा घेतली (ती 'कोबुशी') सगळं मोजून पडद्यावर दाखवतात. म्हणजे धंद्याला बरोबर माहितीय की लोक चाल गायला येत नाहीत, 'तसं' गायला येतात. त्या 'तसं'ची किंमत मोजणारं यंत्र बनवता आलं, त्या 'तसं'ची किंमत ज्याची त्याला देणारं कलम मात्र बनवता येत नाही, असं कसं?

तरी पण मी कबूल करतो की दुसऱ्याच्या गळ्यातनं निघालेल्या सुरावर गायिकेला कायदेशीर हक्क द्यायला गेलं तर भलतीच भानगड होईल. उद्या प्रत्येक ऑर्केस्ट्रावाल्याला, गल्लीतल्या मुलीला, यूट्यूबवर कव्हर टाकणाऱ्या पोराला नोटीस जाईल. ते मला नकोय. म्हणून माझं म्हणणं कायदा बदला असं नाहीये, करार बदला असं आहे. आणि हे अशक्य नाही कारण तिथेच एक माणूस बसलाय जो काही न लिहिता, काही न रचता वाटा घेतो. प्रकाशक. टीव्ही चॅनेलच्या स्वतःच्या प्रकाशन कंपन्या असतात, टीव्ही टोकियोची पण आहे, आणि चॅनेलवर वाजणाऱ्या गाण्यांच्या हक्कात त्या सर्रास भागीदार असतात. का तर आम्ही गाणं दर आठवड्याला वाजवून लोकांपर्यंत पोचवलं. ठीक, मान्य. पोचवण्याला किंमत आहे हे तत्त्व तुम्हीच घातलंत. मग २६ एपिसोड वाजवणाऱ्याला पोचवण्याचा वाटा, आणि ३० वर्षं पोचवत असणारीला नाही, हे कुठल्या हिशोबात बसतं? त्या वाट्यातला थोडा तुकडा गायकाच्या नावे लिहिला तर कुणाचं घर बुडणार नाही आणि गल्लीतल्या मुलीला नोटीसही जाणार नाही.

कुणी म्हणेल, मग गाण्याला साज चढवणारा अरेंजर, गिटारवाला, ड्रमवाला, सगळेच रांगेत उभे राहतील. राहू देत की. अरेंजरला तर खरंच मिळायला हवं, या गाण्याचा अरेंजर ओमोरी तोशियुकी, तो नसता तर त्या आवाजानंतर जे एकदम सगळं अंगावर येतं ते आलंच नसतं, आणि तिथेही बहुतेकांना एकरकमीच मिळतं. रांग लांब होईल म्हणून पहिल्या माणसालाही पाणी द्यायचं नाही हा कसला न्याय. पण हा लेख गाणाऱ्यांबद्दल आहे, तिथेच राहतो.

दुसरा मुद्दा लोक असा काढतात की अहो नाव झालं ना, कॉन्सर्ट मिळतात ना, जगभर बोलावतात ना. मिळतात. ताकाहाशीबाई आजही गातात, देशोदेशीच्या अ‍ॅनिमेच्या जत्रांत गातात, २००९ ला हेच गाणं पुन्हा नव्याने रेकॉर्ड केलं. पण कॉन्सर्टचे पैसे हे त्या दिवशी गायल्याचे पैसे आहेत. सर्दी झाली, घसा बसला, वय झालं की ते थांबतात. गीतकाराला घसा बसला तरी फरक पडत नाही. मिझुकी इचिरो, ज्यांनी १९७२ मध्ये 'माझिंगर झेड' गायलं आणि ज्यांना सगळे प्रेमाने 'आनिकी' म्हणजे दादा म्हणायचे, त्यांनी १९९९ ला २४ तासांत १००० गाणी गायली होती, आणि २०२२ ला ७४ व्या वर्षी कॅन्सरने गेले, अगदी शेवटापर्यंत स्टेजवर उभे राहत होते. लोक याला जिद्द म्हणतात, आहेच जिद्द, मी पण व्हिडिओ बघून डोळे पुसलेत. पण ज्या धंद्यात म्हातारपणी उभं राहून गायल्याशिवाय गाण्यातनं फारसं काही येत नाही त्या धंद्याचं पण थोडं बोललं पाहिजे, नुसत्या जिद्दीचं कौतुक करून कसं चालेल.

आणि नावाचं म्हणाल तर नाव पण सहज मिळालेलं नाही. कागेयामा हिरोनोबू घ्या, 'ड्रॅगन बॉल झेड'चं 'चा-ला हेड-चा-ला' ज्याचं. हा ओसाकाचा पोरगा, सोळाव्या वर्षी 'लेझी' नावाच्या बँडमधून स्टार झाला, १९८१ ला बँड फुटला. त्यातले दोघं जाऊन 'लाउडनेस' काढून हेवी मेटलमध्ये जगप्रसिद्ध झाले, हा मात्र एकटा पडला, कॉन्सर्ट करत पार्टटाइम कामं करत राहिला. १९८५ ला 'चेंजमॅन' या मुलांच्या मालिकेचं गाणं मिळालं तेव्हा रेकॉर्डवर नाव आलं 'कागे'. एवढंच. अर्धं नाव. कागे म्हणजे जपानीत सावली पण होतं, आता हा योगायोग म्हणा नाहीतर काही म्हणा. चार वर्षांनी, १९८९ ला, ड्रॅगन बॉल आलं आणि पूर्ण नावाने आलं. (आपल्याकडच्या पोरांनी ड्रॅगन बॉल कार्टून नेटवर्कवर इंग्रजीत बघितलं, त्याला अमेरिकन गाणं होतं, त्यामुळे कागेयामा आपल्याला पत्ताच नाही. मी ते मूळ गाणं तिशीत पहिल्यांदा ऐकलं आणि बालपण कुणीतरी फसवून दिल्यासारखं वाटलं.)

हे अर्ध्या नावाचं वाचलं तेव्हा मला 'महल' आठवला. १९४९ च्या त्या सिनेमातल्या लताबाईंच्या गाण्याच्या रेकॉर्डवर आधी गायिका म्हणून नाव होतं 'कामिनी', म्हणजे सिनेमातल्या पात्राचं. लोक रेडिओला पत्रं लिहून विचारायला लागले ही कोण गातेय, तेव्हा नाव बाहेर आलं. मग त्याच बाई फिल्मफेअरमध्ये गायकांना पुरस्कारच नाही म्हणून तिथे गायला नाही म्हणाल्या, आणि १९५९ पासून पार्श्वगायनाचा पुरस्कार सुरू झाला. आणि मग साठच्या दशकात रॉयल्टीचा वाद. लताबाईंचं म्हणणं, रेकॉर्ड विकली जातेय तोवर गाणाऱ्याला वाटा द्या. रफीसाहेबांचं म्हणणं, निर्मात्याने पैसे दिले, आपण गायलो, विषय संपला. दोघांनी काही वर्षं एकत्र गायचं बंद केलं. आपल्या घराघरांत या भांडणाची गोष्ट सांगतात ती रफी किती साधा माणूस आणि लता किती हिशोबी अशा थाटात. मला तर उलटं वाटतं, रफी देवमाणूस होते यात वादच नाही पण देवमाणसांच्या चांगुलपणावर धंदा कायम दुसराच करतो. हिशोबी बाई लागते कुणीतरी. २०१२ ला आपला कॉपीराइट कायदा बदलला आणि कलाकाराला रॉयल्टीचा हक्क कायद्यात आला, पुढच्या वर्षी गायकांची स्वतःची संस्था उभी राहिली. म्हणजे भांडणाला पन्नास वर्षं झाल्यावर. तरी आला.

जपानमध्ये अजून एक मोठं भोक आहे, आणि ते कराओकेपेक्षा सोपं आहे कारण तिथे प्रत्यक्ष आवाजच वाजतो. दुकानात, कॅफेत, जिममध्ये रेकॉर्ड वाजली की गीतकार-संगीतकाराला पैसे जातात, गायकाला नाही. रेडिओ-टीव्हीवर वाजली तर मिळतात, दुकानात नाही. शंभराहून जास्त देशांत हा हक्क आहे आणि जगातल्या सगळ्यात मोठ्या संगीत बाजारांपैकी एक असलेल्या जपानने तो दशकानुदशकं दिला नाही, सरकारी समित्यांत त्याची गंभीर चर्चा अगदी अलीकडे सुरू झाली. (अमेरिका याहून थोर, तिथे साध्या रेडिओवर गाणं वाजलं तरी गायकाला काही नाही.) आणि याचा फटका दुहेरी, कारण जो देश बाहेरच्या गायकांना देत नाही त्याच्या गायकांना बाहेरचेही देत नाहीत. अ‍ॅनिमे जगभर पसरलंय, पॅरिसच्या कॅफेत जपानी गाणं वाजतंय, जपान सरकार 'आमची संस्कृती बघा' म्हणून मिरवतंय, आणि गाणारीचा खिसा घरच्याच कायद्यामुळे रिकामा. इथे मात्र कायदाच बदलायला हवा, करारबिरार नाही.

या सगळ्यातून नव्या पिढीने एक वाट काढली. लिसाला घ्या. गिफू प्रांतातली मुलगी, आधी इंडी बँड, तो फुटला, मग २०१० ला 'एंजल बीट्स' या मालिकेतल्या काल्पनिक बँडची गायिका, २०११ ला स्वतःच्या नावाने पदार्पण, आणि २०१९ ला 'डेमन स्लेयर'चं 'गुरेंगे'. त्याचे शब्द तिचेच. २०२० च्या सिनेमातलं 'होमुरा', ज्याला त्या वर्षीचा जपान रेकॉर्ड अवॉर्ड मिळाला, त्याच्या शब्दांतही काजिउरा युकीबरोबर तिचं नाव आहे. ती आधीपासून लिहिते, मनापासून लिहिते, तिने पैशासाठी लिहिलं असं मला अजिबात सुचवायचं नाहीये. पण परिणाम बघा ना, 'गुरेंगे' कराओकेत वाजलं की तिला मिळतं, आणि ते मिळतं कवयित्री म्हणून. ज्या गोष्टीने तिने स्टेडियम हलवलं त्या गळ्याचं नाही. मग हळूहळू असा समज होतो की जो लिहित नाही तो खरा कलाकारच नाही, नुसता गाणारा. आपल्याकडे 'नुसता गाणारा' हा शब्द कुणी लताबाईंना, भीमसेन जोशींना लावून दाखवावा. सगळ्यांनी लिहायलाच पाहिजे असं कुणी ठरवलं? काहींचा जन्म दुसऱ्याच्या शब्दांत जीव ओतण्यासाठीच असतो, आणि ते वेगळं कसब आहे, शब्द लिहिण्याच्या खालचं नाही.

इव्हँजेलियनचंच बघा. २००७ पासून त्याचे नवे सिनेमे आले, शेवटचा २०२१ ला, आणि त्यांची मुख्य गाणी उतादा हिकारूची. उतादा म्हणजे स्वतः लिहिणारी, चाल लावणारी, गाणारी, प्रचंड मोठी स्टार, आणि गाणी छानच आहेत, मी 'वन लास्ट किस' शेकडो वेळा ऐकलंय. मोठ्या सिनेमाला मोठं नाव लागतं, बाजार आहे, तक्रार नाही. तरी आजही रस्त्यात कुणालाही 'इव्हा' म्हणा, तोंडातून जे निघतं ते १९९५ चंच. हे करायला मार्केटिंगचं बजेट नव्हतं, आवाज होता. आता ओटीटीवर 'स्किप इंट्रो'चं बटण आलंय, दीड मिनिटाचं टायटल साँग पोरं एका बोटाने उडवतात, म्हणजे पुढच्या गायकांना तर दर आठवड्याला कानावर पडायची ती संधी पण कमीच.

आणि हे सगळं परदेशातलं म्हणून सोडून द्यावं तर आपल्या घरात डोकावू. नव्वदच्या दशकात रविवारी दूरदर्शनवर 'जंगल बुक' लागायचं, ते अ‍ॅनिमेच होतं, १९८९ ची जपानी मालिका. तिचं मूळ जपानी टायटल साँग आपण कधी ऐकलं नाही, आपल्याला मिळालं ते हिंदी, मोगली आणि चड्डीवालं, आणि खरं सांगायचं तर भारतात सगळ्यात जास्त लोकांना पाठ असलेलं अ‍ॅनिमेचं गाणं तेच असणार. परवा मी आमच्या फॅमिली ग्रुपवर मुद्दाम टाकलं, हे गाणं कुणाचं? दोन मिनिटांत उत्तरं. गुलजार. विशाल भारद्वाज. एकाने तर शेरखानला नाना पाटेकरांचा आवाज होता हे पण सांगितलं, न विचारता. मग मी लिहिलं, बरोबर, पण गायलंय कुणी? बराच वेळ कुणी काही बोललं नाही, निळ्या टिका सगळ्यांच्या. (अमोल सहदेव. मला तरी कुठे माहीत होतं, शोधावं लागलं.) शेवटी नाशिकच्या मौशीचा मेसेज आला, 'होता रे कुणीतरी लहान मुलगा, गोड आवाज होता', आणि खाली तिने स्वतः गाऊन अख्ख्या गाण्याची व्हॉइस नोट टाकलेली, त्याच्यासारखा आवाज काढून.